रुंदी वरून येते, उंची खालून: सीएसएसच्या मांडणीत अडलेल्यांसाठी

गेल्या पावसाळ्यात मी आमच्या तालुक्याच्या गावातील एका जुन्या सार्वजनिक वाचनालयासाठी लहानसे संकेतस्थळ तयार करायला घेतले. वरच्या पट्टीत वाचनालयाचे नाव आणि मेनू, त्याखाली नव्याने आलेल्या पुस्तकांची कार्डे, उजव्या बाजूला सूचनाफलक आणि तळाशी पत्ता व उघडण्याच्या वेळा, एवढीच त्याची मांडणी होती. एचटीएमएल, म्हणजे पानाचा मजकूर आणि त्याचे भाग सांगणारी भाषा, आठवडाभरात लिहून झाले, पण सीएसएसने, म्हणजे पानाचे रूप ठरवणाऱ्या भाषेने, ही मांडणी जागेवर बसवण्यात पुढचे अडीच महिने गेले. कार्ड खालच्या ओळीत घसरत होते, सूचनाफलक तळाच्या पत्त्यावर चढत होता, मेनू उघडला की तो कार्डांच्या मागे जात होता आणि मोबाइलवर अख्खे पान बोटाने डावीकडे-उजवीकडे सरकत होते. त्या काळात वहीत टिपून ठेवलेल्या गोष्टी इथे लिहीत आहे. सीएसएस नुकतेच शिकायला घेतलेल्या आणि अशाच ठिकाणी अडलेल्या कोणालाही त्या उपयोगी पडाव्यात, अशी माझी मनापासून इच्छा आहे.

सुरुवातीला जो घटक बिघडलेला दिसे, त्याच्याच प्रॉपर्टी, म्हणजे सीएसएसमधील माप-रंगांच्या ओळी, मी बदलत असे. कार्ड घसरले की कार्डाचे मार्जिन (बाहेरची मोकळी जागा) कमी कर, सूचनाफलक खाली गेला की त्याला उणे वीस पिक्सेल दे, असे ते काम चाले आणि एक जागा नीट झाली की दुसरी बिघडत असे. पुढे हळूहळू लक्षात आले, की बिघाड ज्या डिव्हवर, म्हणजे पानातील ज्या चौकटीवर, दिसतो, त्याचे कारण बहुतेक वेळा त्याच्या बाहेरच्या डिव्हमध्ये, म्हणजे पेरेंटमध्ये, असते. ब्राउझर साधी मांडणी कशी करतो ते पाहिले, की हे का घडते ते कळते. रुंदी वरून खाली येते: पेरेंट जेवढा रुंद असेल, तेवढी जागा आतला ब्लॉक घटक घेतो. उंची मात्र खालून वर जाते: आत जेवढा मजकूर असेल, तेवढा बाहेरचा डिव्ह उंच होतो. मी हे वाक्य वहीच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवले आहे आणि आजही काही अडले, की आधी तेच वाचतो.

या एका वाक्याने माझ्या दोन जुन्या तक्रारी लगेच सुटल्या. पहिली तक्रार अशी, की सूचनाफलकाला ‘हाइट: १००%’ दिले तरी तो शेजारच्या कार्डांएवढा उंच होत नव्हता. शंभर टक्के म्हणजे पेरेंटच्या उंचीचे शंभर टक्के. पेरेंटची उंची आपण कुठेही ठरवून दिलेली नसेल, तर ती आतल्या मजकुरावरूनच ठरायची असते, आणि जी गोष्ट अजून ठरलेलीच नाही तिची टक्केवारी काढता येत नाही. म्हणून ब्राउझर ती ओळ ‘ऑटो’ असल्याप्रमाणे वागवतो. यावर उपाय म्हणून अनेक जण बाहेरच्या प्रत्येक डिव्हला, थेट बॉडीपर्यंत, शंभर टक्के उंची देत जातात. मीही ते केले होते आणि त्याचा त्रास पुढे मजकूर वाढल्यावर झाला. पेरेंटला ‘डिस्प्ले: फ्लेक्स’ किंवा ‘डिस्प्ले: ग्रिड’ (आतले घटक ओळींत किंवा रकान्यांत मांडण्याच्या दोन पद्धती) दिले, की एका ओळीतील घटक मूळ नियमानेच ताणले जाऊन सारख्या उंचीचे होतात. तिथे उंची लिहावीच लागत नाही.

दुसरी तक्रार डिव्ह उभ्या दिशेने मध्यभागी न येण्याची होती. ‘अलाइन-आयटम्स: सेंटर’ लिहूनही स्वागताचा मजकूर वरच चिकटून राहत होता. इथेही कारण तेच होते. पेरेंटची उंची आतल्या मजकुराएवढीच होती, त्यामुळे मध्यभाग आणि वरची कड यांत काही अंतरच उरले नव्हते. पेरेंटला ‘मिन-हाइट’ दिली, की मजकूर त्याच क्षणी मध्यभागी येतो. ‘हाइट’ऐवजी ‘मिन-हाइट’ लिहावी, असे मी आग्रहाने सांगेन, कारण मजकूर वाढला तर मिन-हाइट दिलेला डिव्ह वाढतो, तर हाइट दिलेल्या डिव्हमधून मजकूर बाहेर सांडतो. पूर्ण पडद्याची उंची हवी असेल आणि पान मोबाइलवरही पाहिले जाणार असेल, तर ‘१००व्हीएच’ऐवजी (व्हीएच म्हणजे पडद्याच्या उंचीचा शंभरावा भाग) ‘१००डीव्हीएच’ (दिसणाऱ्या जागेप्रमाणे बदलणारे तेच माप) लिहावे. मोबाइलच्या ब्राउझरमध्ये पत्त्याची पट्टी कधी दिसते, कधी लपते; व्हीएच हे माप ती लपलेली आहे असे धरून चालते आणि पट्टी दिसत असताना पानाचा तळ तेवढा खाली ढकलला जातो.

आता घसरणाऱ्या कार्डाकडे येतो. मधल्या भागाची रुंदी ९६० पिक्सेल होती आणि एका ओळीत तीन कार्डे हवी होती, म्हणून प्रत्येक कार्डाला एक तृतीयांश, म्हणजे ३२० पिक्सेल रुंदी दिली. कार्डाला चारही बाजूंनी १६ पिक्सेल पॅडिंग (मजकूर आणि कड यांमधली जागा) आणि १ पिक्सेल बॉर्डर (कडेची रेघ) होती. सीएसएसच्या मूळ नियमानुसार ‘विड्थ’ ही फक्त आतल्या मजकुराची रुंदी असते; पॅडिंग आणि बॉर्डर तिच्या बाहेर मोजली जाते. म्हणजे माझे कार्ड प्रत्यक्षात ३५४ पिक्सेल रुंद होते, तिन्ही मिळून १०६२ पिक्सेल भरत होती आणि ९६० पिक्सेलच्या जागेत ती मावणे शक्य नव्हते. ओळ तोडायला परवानगी असल्यामुळे तिसरे कार्ड खाली जात होते. ब्राउझरने अगदी बरोबर हिशोब केला होता.

हा नियम डिसेंबर १९९६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पहिल्या सीएसएस मानकापासूनच आहे. त्या काळातील इंटरनेट एक्स्प्लोररच्या पाचव्या आवृत्तीपर्यंत मात्र रुंदीत पॅडिंग आणि बॉर्डरही धरली जात असे. मानकाच्या दृष्टीने ती चूक होती आणि तिने त्या वेळच्या लोकांना फार त्रास दिला. पण मला मनापासून वाटते, की माणसाच्या डोक्यातील हिशोब तसाच चालतो. आपण खोलीत कपाट ठेवताना त्याची बाहेरची रुंदी मोजतो, आतल्या फळीची नाही. आज ‘बॉक्स-सायझिंग: बॉर्डर-बॉक्स’ लिहून तोच हिशोब मानकात राहून मागता येतो. स्टाइलशीटच्या, म्हणजे सीएसएसच्या फाइलच्या, अगदी वर, सर्व घटकांना लागू होईल अशा रीतीने, ही ओळ मी प्रत्येक कामात लिहितो. त्यानंतर ३२० म्हणजे ३२०च राहतात.

तरीही माझे तिसरे कार्ड घसरतच राहिले, आणि मला वाटते इथे बहुतेक नवशिके दुसऱ्यांदा अडतात. कार्डांमध्ये मी १६ पिक्सेलचा ‘गॅप’ ठेवला होता. तीन कार्डांमध्ये दोन गॅप, म्हणजे ३२ पिक्सेल जादा. एक तृतीयांश गुणिले तीन केले, की पूर्ण जागा संपते आणि गॅपसाठी काहीच उरत नाही. ‘कॅल्क’ वापरून ती वजाबाकी करता येते, पण या कामासाठी ग्रिडच जास्त योग्य आहे, कारण ग्रिड आधी गॅप बाजूला काढते आणि मग उरलेली जागा वाटते. शेवटी मी रकान्यांची संख्या ठरवणेच सोडून दिले आणि ‘रिपीट’मध्ये ‘ऑटो-फिल’ व ‘मिनमॅक्स’ वापरून एवढेच सांगितले, की कार्ड २२० पिक्सेलपेक्षा अरुंद होऊ देऊ नये आणि उरलेली जागा सर्वांत सारखी वाटावी. ९६० पिक्सेलच्या जागेत त्याने २२८ पिक्सेलचे चार रकाने केले आणि ३६० पिक्सेलच्या मोबाइलवर एकच रकाना ठेवला. मीडिया क्वेरी, म्हणजे पडद्याच्या रुंदीनुसार वेगळा नियम, एकही लिहावी लागली नाही. क्रोम, फायरफॉक्स आणि सफारी या तिन्ही ब्राउझरांत ग्रिड मार्च २०१७ मध्ये आले. त्याआधी लिहिलेले अनेक धडे अजूनही फ्लोटच्या आधारे, म्हणजे घटक डाव्या-उजव्या कडेला सरकवून, रकाने करायला शिकवतात, पण नव्याने शिकणाऱ्याने मजकुराच्या बाजूने चित्र वळवण्यापलीकडे फ्लोटच्या वाटेला जाऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

मोबाइलवर पान आडवे सरकण्याचा प्रश्न मात्र मला सर्वांत जास्त वेळ पुरला, कारण त्याला एक कारण नव्हते. पहिली पायरी सोपी होती: हेडमध्ये (पानाच्या न दिसणाऱ्या सुरुवातीच्या भागात) व्ह्यूपोर्टचा मेटा टॅग, म्हणजे पान पडद्याच्या रुंदीत मांडायला सांगणारी ओळ, आहे की नाही ते पाहणे. तो नसेल तर आयफोनसह बहुतेक मोबाइल ब्राउझर पान ९८० पिक्सेल रुंद आहे असे समजून मांडतात आणि मग ते लहान करून दाखवतात. माझ्या पानात तो टॅग होता. मग मी सर्व घटकांना तात्पुरती लाल ‘आउटलाइन’ दिली. इथे बॉर्डर देऊ नये, कारण बॉर्डर स्वतः जागा घेते आणि आपण तपासत असलेली मांडणीच बदलते. आउटलाइन जागा घेत नाही. लाल चौकटींत जी चौकट पडद्याच्या उजव्या कडेबाहेर गेलेली दिसते, ती गुन्हेगार किंवा गुन्हेगाराची पेरेंट असते. फायरफॉक्सच्या डेव्हलपर टूल्समध्ये (पान तपासण्याच्या साधनांत) याहून चांगली सोय आहे: जो डिव्ह स्क्रोल होत असेल, त्याच्याशेजारी ‘स्क्रोल’ अशी चिठ्ठी दिसते आणि ती दाबली, की कोणत्या घटकामुळे जागा ओसंडते आहे ते दाखवले जाते.

माझ्याकडे तीन गुन्हेगार निघाले. पहिला म्हणजे वरच्या पट्टीला दिलेली ‘१००व्हीडब्ल्यू’, म्हणजे पूर्ण पडद्याएवढी, रुंदी. खरे तर ती मोबाइलवर चालून जाते, पण संगणकावर जिथे उभा स्क्रोलबार जागा घेतो, तिथे व्हीडब्ल्यू त्या स्क्रोलबारची रुंदीही मोजते आणि पान तेवढेच आडवे ओसंडते. ब्लॉक घटक मुळातच पेरेंटएवढा रुंद असतो, तेव्हा ती ओळ पुसून टाकणे हाच उपाय होता. दुसरा गुन्हेगार पुस्तकांच्या मुखपृष्ठांची मोठी चित्रे. त्यांना ‘मॅक्स-विड्थ: १००%’ आणि ‘हाइट: ऑटो’ दिले, की ती आवरतात. तिसरा सापडायला दोन रविवार लागले. सूचनाफलकात एका सरकारी योजनेच्या अर्जाचा भलामोठा दुवा जसाच्या तसा चिकटवलेला होता, त्यात कुठेही मोकळी जागा नव्हती, आणि तो दुवा सूचनाफलकाला, सूचनाफलक पेरेंटला आणि पेरेंट अख्ख्या पानाला रुंद करत होता.

हा तिसरा प्रकार नीट समजून घेण्यासारखा आहे. मी सूचनाफलकाला ‘फ्लेक्स: १’, म्हणजे उरलेली जागा घे असे, दिले होते आणि माझी समजूत अशी होती, की तो हवा तेवढा अरुंद होईल. फ्लेक्समधील घटकाची ‘मिन-विड्थ’ मुळात शून्य नसते, ‘ऑटो’ असते. याचा अर्थ असा, की आतला सर्वांत लांब न तुटणारा शब्द जेवढा असेल, त्याहून तो घटक अरुंद व्हायला तयार होत नाही. साध्या मजकुरात हे चांगलेच असते, कारण त्यामुळे अक्षरे डिव्हबाहेर सांडत नाहीत. पण दुवा आला, की तोच नियम आडवा येतो. त्या घटकाला ‘मिन-विड्थ: ०’ द्यावी आणि दुव्याला ‘ओव्हरफ्लो-रॅप: एनीव्हेअर’ द्यावे. तिथे ‘ब्रेक-वर्ड’ लिहिले तर शब्द तुटू शकतो, पण घटकाची किमान रुंदी मोजताना ब्राउझर ती शक्यता धरत नाही. ‘एनीव्हेअर’ लिहिले तर धरतो. ग्रिडमध्येही ‘१एफआर’ याचा अर्थ किमान ‘ऑटो’ आणि कमाल एक वाटा असाच असतो, म्हणून तिथे ‘मिनमॅक्स(०, १एफआर)’ असे लिहावे लागते.

या सगळ्यावर एका धड्यात सांगितलेला सोपा उपाय म्हणजे बाहेरच्या डिव्हला ‘ओव्हरफ्लो-एक्स: हिडन’ देणे. मी तो केला होता आणि आडवे सरकणे थांबले होते. दुव्याचा शेवटचा भाग मात्र पडद्याबाहेर कापला गेला होता, आणि आठवड्याने असे लक्षात आले, की वर चिकटून राहणारी पट्टी आता चिकटत नाही. या दोन गोष्टींचा संबंध जोडायला मला बराच काळ लागला. ‘पोझिशन: स्टिकी’ दिलेला घटक त्याच्या बाहेरच्या सर्वांत जवळच्या स्क्रोल होऊ शकणाऱ्या डिव्हला चिकटतो. ‘हिडन’ दिलेला डिव्ह आपल्याला स्क्रोल होताना दिसत नसला, तरी ब्राउझरच्या लेखी तो स्क्रोल होऊ शकणाराच असतो. त्यामुळे माझी पट्टी पडद्याला न चिकटता, कधीही न हलणाऱ्या त्या डिव्हला चिकटून बसली होती आणि पानाबरोबर वर निघून जात होती. कापणेच हवे असेल तर ‘हिडन’ऐवजी ‘क्लिप’ लिहावे; त्याने स्क्रोलची चौकट तयार होत नाही.

स्टिकी चालत नसेल तर आणखी दोन जागा तपासाव्यात. ‘टॉप’ किंवा दुसऱ्या एखाद्या बाजूचे माप दिलेले नसेल, तर घटकाला कुठे चिकटायचे तेच कळत नाही. आणि ग्रिडमधील सूचनाफलक स्टिकी केला असेल, तर तो आधीच ताणून पेरेंटएवढा उंच झालेला असतो. स्टिकी घटक पेरेंटच्या आतच सरकू शकतो, तेव्हा त्याला सरकायला जागाच उरत नाही. ‘अलाइन-सेल्फ: स्टार्ट’ दिले, की तो आपल्या मजकुराएवढा होतो आणि चिकटू लागतो.

पोझिशनविषयी बोलायचे तर ‘ॲब्सोल्यूट’पासून सुरुवात करायला हवी, कारण नवशिक्याच्या हातून सर्वांत जास्त नुकसान तिथे होते. पहिल्या महिन्यात मी सूचनाफलक वरून ३४० पिक्सेल आणि उजवीकडून ४० पिक्सेल अशा मापांनी ठेवला होता आणि माझ्या लॅपटॉपवर तो अगदी हव्या त्या जागी दिसत होता. ग्रंथपालांच्या संगणकावर तो पुस्तकांच्या कार्डांवर चढला. ॲब्सोल्यूट घटक मांडणीच्या प्रवाहातून बाहेर पडतो. त्याच्यासाठी कोणी जागा राखत नाही, तो कोणाला ढकलत नाही आणि ‘उंची खालून येते’ या हिशोबात पेरेंट त्याला धरत नाही. म्हणून पानाचे मोठे भाग ॲब्सोल्यूटने कधीही मांडू नयेत. एखाद्या घटकाच्या कोपऱ्यात ठेवायची लहान गोष्ट, जशी कार्डावरची ‘नवीन’ ही पट्टी किंवा सूचनेचे बंद करण्याचे बटण, एवढ्यापुरतेच त्याचे काम आहे.

त्या ‘नवीन’ पट्टीने मला ॲब्सोल्यूटचा खरा नियम शिकवला. तिला वरून ८ आणि उजवीकडून ८ पिक्सेल दिले, तर ती कार्डाच्या कोपऱ्यात न येता पानाच्या उजव्या वरच्या कोपऱ्यात जाऊन बसली. सर्व कार्डांच्या पट्ट्या तिथेच एकावर एक रचल्या गेल्या होत्या. ॲब्सोल्यूट घटक आपली मापे थेट पेरेंटपासून मोजत नाही. तो बाहेर बाहेर जात, ज्याची पोझिशन ‘स्टॅटिक’ (मुळातली, न बदललेली) सोडून दुसरी काहीही आहे असा पहिला घटक शोधतो, आणि तसा कोणीच सापडला नाही तर पानाची सुरुवातीची चौकट धरतो. कार्डाला ‘पोझिशन: रिलेटिव्ह’ ही एक ओळ दिली, की पट्टी जागेवर येते. कार्ड स्वतः त्या ओळीने तसूभरही हलत नाही.

मी ती ओळ देण्याआधी एक विचित्र गोष्ट घडत होती. माउस कार्डावर नेला, की पट्टी क्षणात त्या कार्डाच्या कोपऱ्यात येई आणि माउस काढला, की परत पानाच्या कोपऱ्यात जाई. त्याचे कारण असे, की माउस नेल्यावर कार्ड किंचित वर उचलले जावे म्हणून मी त्याला ‘ट्रान्सफॉर्म’ दिले होते, आणि ट्रान्सफॉर्म किंवा फिल्टर दिलेला घटकही आतल्या ॲब्सोल्यूटसाठी संदर्भाची चौकट बनतो. ‘पोझिशन: फिक्स्ड’ दिलेल्या घटकाच्या बाबतीतही हेच होते. तो एरवी पडद्याला धरून राहतो, पण त्याच्या बाहेर कुठेही ट्रान्सफॉर्म असेल, तर त्या डिव्हला धरतो आणि पानाबरोबर सरकू लागतो. फिक्स्ड बटण सरकताना दिसले, तर बटणाकडे न पाहता त्याच्या बाहेरचे डिव्ह एकेक करून पाहावेत.

मेनू कार्डांच्या मागे जात होता तेव्हा मी प्रत्येक नवशिक्याप्रमाणे ‘झेड-इंडेक्स: ९९९९’ (कोण कोणाच्या वर दिसावे ते ठरवणारा आकडा) लिहिले आणि काहीही बदलले नाही. यासाठी वाचनालयातलेच उदाहरण देतो. कपाटाच्या खालच्या खणात पुस्तकांची कितीही उंच चळत रचली, तरी तिच्या सर्वांत वरचे पुस्तकही वरच्या खणातील पुस्तकाच्या वर जात नाही. आधी खणांची क्रमवारी ठरते आणि मग खणातल्या पुस्तकांची. सीएसएसमध्ये अशा खणाला स्टॅकिंग कॉन्टेक्स्ट म्हणतात आणि झेड-इंडेक्सची तुलना फक्त एका खणातल्या घटकांमध्ये होते. माझी वरची पट्टी स्टिकी होती, आणि स्टिकी घटक स्वतःचा खण तयार करतो. मेनूचे ९९९९ त्या खणात बंद होते. तोपर्यंत कार्डांना माउस नसतानाही मी शून्य मापाचे ट्रान्सफॉर्म दिले होते, त्यामुळे त्यांचेही खण झाले होते, आणि दोन्ही खण एकाच पातळीवर असल्यामुळे एचटीएमएलमध्ये नंतर येणारी कार्डे वर रंगवली जात होती. मेनूची ती ओळ पुसून वरच्या पट्टीलाच ‘झेड-इंडेक्स: १०’ दिले, तेव्हा मेनू वर आला. एकापेक्षा कमी ‘ओपॅसिटी’ (अपारदर्शकता) देण्यानेही असा खण तयार होतो, हे बहुतेकांना ठाऊक नसते.

मार्जिनचे एकमेकांत मिसळणे हा प्रकार धड्यांमध्ये फार लांबवून सांगतात. माझ्या मते एवढे पुरेसे आहे. वरच्या परिच्छेदाचे खालचे मार्जिन आणि खालच्या परिच्छेदाचे वरचे मार्जिन यांची बेरीज होत नाही, त्यांतील मोठे ते राहते. पहिल्या मथळ्याचे मार्जिन पेरेंटच्या बाहेर निघून पेरेंटलाच खाली ढकलते, तेव्हा पेरेंटला ‘डिस्प्ले: फ्लो-रूट’ द्यावे. फ्लेक्स आणि ग्रिडच्या घटकांमध्ये हे मिसळणे होतच नाही, म्हणून तिथे गॅप वापरला, की विषय संपतो.

आता मराठी पानापुरत्या काही गोष्टी, ज्या मला इंग्रजीतील कोणत्याही धड्यात सापडल्या नाहीत. देवनागरीत अक्षराच्या वर वेलांटी, मात्रा, रफार आणि अनुस्वार असतो, तर खाली उकार आणि जोडाक्षरांचे पाय. रोमन लिपीसाठी लिहिलेल्या नमुन्यांत मथळ्यांची ‘लाइन-हाइट’ (ओळीची उंची) बहुधा १.२ किंवा त्याहूनही कमी असते. त्यात ‘ओव्हरफ्लो: हिडन’ची भर पडली, तर ‘मूर्ती’ या शब्दाचा रफार वर आणि उकार खाली कापला जाऊ शकतो. मी मजकुराला १.७ आणि मथळ्यांना १.४ ठेवतो. मात्र लाइन-हाइट वाढवली, की कार्डातील चित्राखालची मोकळी फट जास्त ठळक होते. ती फट मार्जिनची नसते. चित्र हे मुळात अक्षरासारखे ओळीत बसते आणि ओळीच्या खालच्या भागासाठी राखलेली जागा त्याच्याखाली उरते, म्हणून चित्राला ‘डिस्प्ले: ब्लॉक’ देऊन ती मिटवावी लागते. ‘लेटर-स्पेसिंग’ (अक्षरांमधील अंतर) देवनागरीत वापरूच नये, कारण अक्षरे लांब गेली की शिरोरेघ तुटते आणि शब्द विस्कटलेला दिसतो. बटणांना आणि मेनूच्या खणांना ठरावीक उंची-रुंदी देऊ नये. ‘होम’ या शब्दासाठी आखलेल्या खणात ‘मुख्यपृष्ठ’ मावत नाही आणि ‘सभासद नोंदणी’ तर दोन ओळींत मोडते. पॅडिंग द्यावे आणि माप शब्दावर सोडावे.

तपासण्याची माझी पद्धत आता ठरून गेली आहे. बिघडलेल्या घटकावर उजवी क्लिक करून ‘इन्स्पेक्ट’ उघडतो आणि चौकटीच्या आकृतीत त्याची खरी मापे पाहतो. मी लिहिलेली आणि ब्राउझरने घेतलेली मापे वेगळी असतील, तर निम्मे उत्तर तिथेच मिळते. मग ज्या प्रॉपर्टी फिकट दिसतात त्या वाचतो. फायरफॉक्स निष्प्रभ ठरलेली ओळ फिकट करतो आणि ती का लागू होत नाही तेही सांगतो, उदाहरणार्थ स्टॅटिक घटकावर लिहिलेला झेड-इंडेक्स. त्यानंतर पेरेंटवर जातो, मग त्याच्या पेरेंटवर, आणि प्रत्येक पायरीवर एकेक ओळ बंद करून पाहतो. एका वेळी एकच ओळ बंद करायची हे मी कटाक्षाने पाळतो, कारण दोन ओळी एकदम बदलून प्रश्न सुटला, तर कोणत्या ओळीने सुटला ते कळत नाही आणि पुढच्या वेळी पुन्हा तिथूनच सुरुवात करावी लागते.

पान प्रसिद्ध करण्याच्या आदल्या दिवशी मी प्रत्येक प्रकारचा मजकूर मुद्दाम लांब करून पाहिला. एका पुस्तकाचे नाव चार ओळींचे केले, एका कार्डातील चित्र काढून टाकले, सूचनाफलकात वीस सूचना भरल्या आणि ब्राउझरमध्ये अक्षरे दुप्पट मोठी केली, कारण वाचनालयाच्या सभासदांत साठीच्या पुढचे पुष्कळ आहेत आणि ते मोबाइलवर अक्षर मोठे करूनच वाचतात. चार ओळींच्या नावाचे कार्ड उंच झाले, त्याच्या ओळीतील इतर कार्डे त्याच्याएवढी ताणली गेली आणि खालची ओळ तेवढीच खाली सरकली. वीस सूचनांनी फलक लांबला, पण पत्ता आणि वेळा त्याच्याखालीच राहिल्या. फक्त वरच्या पट्टीत, अक्षरे दुप्पट केल्यावर, वाचनालयाचे नाव मेनूवर चढत होते. तिथे ‘फ्लेक्स-रॅप: रॅप’ (जागा संपली की पुढच्या ओळीत जा) द्यायचे राहून गेले होते, ती ओळ लिहिली आणि मेनू नावाच्या खाली आला.